प्लास्टरमधला हात: फ्रँकोच्या स्पेनमध्ये सेन्सॉरला चकवून सिनेमा कसा निघायचा

कार्लोस साउराच्या 1974 सालच्या 'ला प्रिमा आन्हेलिका' या चित्रपटात फालान्हे या स्पेनच्या फॅसिस्ट पक्षाचा एक माणूस आहे. पक्षाचा गणवेश, ताठ मान, आणि एक हात प्लास्टरमध्ये. हात मोडलाय म्हणून प्लास्टर. कागदावर वाचलं तर यात काही नाही. पडद्यावर मात्र ते प्लास्टर असं घातलंय की हात खाली येतच नाही. फॅसिस्ट सलामीत तो कायमचा अडकून पडलाय. माणूस बोलतोय, वावरतोय, आणि हात वर तो वरच.

हुकूमशहा फ्रँकोच्या काळातला स्पॅनिश सिनेमा समजून घ्यायला या हातापासून सुरुवात करावी. तिथला सेन्सॉर आधी वाचायचा आणि मग पाहायचा. त्यामुळे ज्यांना काही म्हणायचं होतं त्यांनी ते म्हणणं हळूहळू कागदावरून काढून घेतलं आणि कॅमेऱ्याच्या अंतरात, आवाजात, नटाच्या शरीरात नेऊन ठेवलं. 'सेन्सॉरमुळे स्पॅनिश सिनेमा प्रतीकांचा झाला' असं सरधोपटपणे म्हटलं जातं. ते अर्धंच खरं आहे. ती प्रतीकं काही काव्यात्म हौसेपोटी आलेली नव्हती, कचेरीतला कागद कोणत्या टेबलावरून कुठे जातो हे ओळखून आखलेली होती. म्हणून आधी त्या कागदाचा प्रवास.

यादवी युद्ध चालू असतानाच, 1937 मध्ये, फ्रँकोच्या ताब्यातल्या प्रदेशात चित्रपट सेन्सॉर मंडळ उभं राहिलं. युद्ध 1939 ला संपलं आणि त्याच वर्षी शूटिंगच्या आधी पटकथा तपासून घेण्याची पद्धतही सुरू झाली. निर्माता पटकथा दाखल करायचा. ती वाचणाऱ्यांकडे जायची, त्यात एखादा पाद्रीही असायचा. त्यांना छापील फॉर्म भरावा लागे: कथासूत्र काय, त्यातून काय सिद्ध होतं, साहित्यिक मूल्य किती, नैतिक आणि धार्मिक बाजू कशी, राजकीय-सामाजिक छटा कोणती, आणि शेवटी कोणकोणत्या पानांवर काय खोडायचं. त्यानंतर हो, नाही, किंवा 'एवढे बदल करून पुन्हा आणा'. बदल झाले की शूटिंगचा परवाना. चित्रपट पूर्ण झाला की मंडळ तो बघणार, आणखी कापणार आणि त्याची वर्गवारी ठरवणार. 1946 पासून मंडळावरच्या चर्चच्या प्रतिनिधीला नीतीच्या आणि धर्माच्या प्रश्नांवर नकाराधिकारच मिळाला.

आपल्याकडच्या नाटकवाल्यांना यातला पहिला भाग लगेच कळेल. रंगभूमी प्रयोग परीक्षण मंडळाकडे आधी संहिता जाते, प्रयोग मागाहून. चित्रपटाला मात्र आपल्याकडे तो तयार झाल्यावर प्रमाणपत्र लागतं. स्पेनमध्ये हे दोन्ही फेरे एकाच चित्रपटाच्या नशिबी होते.

पण खरा चाबूक होता वर्गवारीचा, आणि तो पैशाचा होता. चाळिशीच्या दशकात परदेशी चित्रपट आयात करून डब करायचा परवाना मिळायचा तो स्पॅनिश चित्रपट काढणाऱ्या निर्मात्याला. 1943 च्या नियमांनुसार वरच्या वर्गातल्या चित्रपटाला 3 ते 5 परवाने, मधल्या वर्गाला 2 ते 4, खालच्याला शून्य. हॉलिवूडच्या एका गाजलेल्या चित्रपटाचा परवाना वितरकाला विकला की निर्मात्याचा खर्च निघून वर नफा. म्हणजे स्पॅनिश चित्रपट प्रेक्षकांसाठी काढायचाच नाही, मंडळासाठी काढायचा. तो लागला नाही, पडला, डब्यात राहिला तरी चालेल. वर्ग मिळाला पाहिजे. 1944 मध्ये त्यावर 'राष्ट्रीय हिताचा' असा खास दर्जा आला. 1952 नंतर परवान्यांऐवजी खर्चाच्या टक्केवारीत थेट अनुदान सुरू झालं, आणि या खास दर्जाला जवळजवळ अर्धा खर्च मिळू लागला. त्याचा परिणाम कुणीही सांगेल तोच झाला: अंदाजपत्रकं फुगली. कागदावर खर्च दुप्पट दाखवला की अनुदानातच चित्रपट निघतो.

अशा व्यवस्थेत कात्री वापरायची वेळच फारशी येत नाही. निर्माता स्वतःच पटकथा धुऊन, इस्त्री करून आणतो.

हा चाबूक उलटाही बसायचा. 1951 मध्ये चित्रपट खात्याचे महासंचालक होते गार्सिया एस्कुदेरो. त्यांनी निएव्हेस कोंदे या दिग्दर्शकाच्या 'सुर्कोस'ला राष्ट्रीय हिताचा दर्जा दिला. खेड्यातून माद्रिदला आलेल्या कुटुंबाची वाताहत, काळा बाजार, बकाल चाळी. दिग्दर्शक स्वतः फालान्हेवाला, म्हणजे टीका घरातलीच. त्याच सुमाराला कोलंबसावरच्या 'आल्बा दे आमेरिका' या सरकारी कृपेतल्या भव्य चित्रपटाला मात्र त्यांनी तो दर्जा नाकारला. 1952 च्या सुरुवातीला गार्सिया एस्कुदेरोंना खुर्ची सोडावी लागली. 'सुर्कोस'चा शेवटही कापला गेलाच. हरलेलं कुटुंब गावी परतत असताना मुलगी गाडीतून उडी मारून पुन्हा शहराकडे वळते, हे मंडळाला नको होतं. कुटुंब नांगराकडे परतलं पाहिजे, मुलीसकट.

आता डबिंग. 23 एप्रिल 1941 च्या आदेशानं परदेशी चित्रपट स्पॅनिशमध्ये डब करणं सक्तीचं झालं. 1946 च्या अखेरीला सक्ती उठली, पण सवय पक्की झाली होती आणि ती आजतागायत आहे. सेन्सॉरच्या दृष्टीनं डबिंगसारखं सोयीचं हत्यार नाही, कारण काही कापावंच लागत नाही. 'कासाब्लांका'मधला रिक स्पेनमध्ये प्रजासत्ताकाच्या, म्हणजे फ्रँकोच्या विरुद्ध बाजूनं लढलेला आहे. स्पॅनिश आवृत्तीत तो ऑस्ट्रियाच्या विलीनीकरणाविरुद्ध लढलेला झाला. 'बायसिकल थीव्ह्ज'च्या शेवटी बाप-लेक गर्दीत मिसळतात तिथे स्पॅनिश प्रेक्षकाला निवेदकाचा दिलासा ऐकू येई की हा माणूस एकटा नाही, ख्रिस्ती बंधुभाव आहे.

सगळ्यात मोठी फजिती 'मोगॅम्बो'ची. ग्रेस केली ही विवाहित बाई क्लार्क गेबलच्या प्रेमात पडते. विवाहबाह्य प्रेम चालणार नाही म्हणून डबिंगमध्ये नवरा-बायकोला भाऊ-बहीण करून टाकलं. संवाद बदलले, चेहरे कोण बदलणार? पडद्यावर 'भाऊ' आणि 'बहीण' एका तंबूत राहताहेत, एकमेकांकडे नवरा-बायकोसारखे बघताहेत, आणि तिचं दुसऱ्यावर प्रेम बसलं म्हणून भाऊ हादरलाय. व्यभिचार झाकायला गेले आणि थेट सख्ख्या नात्यातल्या संबंधांचा संशय प्रेक्षकाच्या डोक्यात घालून बसले. कागदावर मात्र सगळं चोख होतं. वाचणाऱ्या सेन्सॉरची खोड ती हीच.

या यंत्रातून खुद्द हुकूमशहाही सुटला नाही. 1942 च्या 'रासा'ची कथा फ्रँकोनं हाइमे दे आंद्रादे या टोपणनावानं लिहिलेली. महायुद्धात जर्मनी-इटली हरले, अमेरिकेशी जमवून घ्यायची वेळ आली, तेव्हा 1950 मध्ये सलाम्या छाटून, अमेरिकेविरुद्धचे संवाद नव्यानं डब करून, नाव बदलून तोच चित्रपट पुन्हा आणला. पहिल्या आवृत्तीच्या प्रती गायब करण्यात आल्या, त्या नव्वदच्या दशकात कुठे हाती लागल्या.

इतकं सगळं असून नियम काय आहेत हे मात्र कुठेच लिहिलेलं नव्हतं. आज चाललं ते उद्या चालेलच असं नाही. मे 1955 मध्ये सालामांकाच्या विद्यापीठात चित्रपटवाल्यांच्या बैठका भरल्या. कम्युनिस्ट दिग्दर्शक बार्देमपासून कॅथलिक समीक्षकांपर्यंत सगळे एका खोलीत. बार्देमनं तिथे स्पॅनिश सिनेमाचं पाच विशेषणांत वाभाडं काढलं ते प्रसिद्ध आहे: राजकीयदृष्ट्या निष्प्रभ, सामाजिकदृष्ट्या खोटा, बौद्धिकदृष्ट्या हलका, कलादृष्ट्या शून्य आणि धंदा म्हणून मुडदूस झालेला. पण त्या बैठकांमधली व्यवहाराची मागणी वेगळीच होती. सेन्सॉर रद्द करा, असं कुणी म्हणू शकत नव्हतं. मागणी होती की निदान नियम लेखी द्या. ते यायला 1963 उजाडलं. गार्सिया एस्कुदेरो पुन्हा खुर्चीवर आले होते, मंत्री होते मानुएल फ्रागा. 37 कलमं निघाली. आत्महत्या, घटस्फोट, व्यभिचार, गर्भपात, संततिनियमन यांचं समर्थन नको, चर्च, राज्य, राज्यप्रमुख यांचा अवमान नको, वगैरे. भाषा इतकी सैल की कशालाही लावावी. तरीही बोट ठेवून भांडायला काहीतरी हाती आलं.

जाता जाता: 1951 पासून हे खातं ज्या मंत्रालयात होतं त्याचं नाव माहिती आणि पर्यटन मंत्रालय. म्हणजे पडद्यावर किती अंग दिसावं हे ठरवणारं आणि समुद्रकिनाऱ्यावर बिकिनीतल्या परदेशी बायकांना आवतण देणारं मंत्रालय एकच.

याच चिमट्यात सापडलेला चित्रपट म्हणजे बेर्लांगाचा 'एल व्हेर्दुगो', 1963. लेखनात राफाएल आस्कोना. प्रेतं पोचवणाऱ्या कंपनीतला होसे लुईस सरकारी जल्लादाच्या मुलीत अडकतो, लग्न होतं. सासऱ्याला सरकारी फ्लॅट मिळणार आहे, पण तो निवृत्तीला आलाय. फ्लॅट टिकवायचा तर जावयानं जल्लादाची नोकरी धरली पाहिजे. होसे लुईस सही करतो, या आशेवर की फाशीची वेळ येणारच नाही. वेळ येते, आणि तीही मायोर्काला. बायको-मुलासकट सगळं कुटुंब सुट्टीला निघाल्यासारखं निघतं. द्राक गुहांमध्ये पर्यटकांसाठी तळ्यावर संगीताचा कार्यक्रम चालू असतो, आणि अंधारातून होडीत बसून शिपाई भोंग्यावरून त्याचं नाव पुकारत येतात.

सेन्सॉरनं जे कापलं त्यातली एक गोष्ट दिसणारी नव्हती, ऐकू येणारी होती. स्पेनमध्ये देहदंड गारोतेनं व्हायचा: खांब, गळ्याभोवती लोखंडी पट्टा, मागून पिळायचा स्क्रू. सासरा हे सामान साध्या हातपेटीत घेऊन फिरतो. पेटी हलली की लोखंड खणखणतं. बेर्लांगा ते यंत्र दाखवत नाही, फक्त वाजवतो. पटकथेत ही पेटी म्हणजे नुसती पेटी. ध्वनिपट्टीवर ती आली तेव्हा मंडळाला कळलं आणि त्या खणखणाटावर कात्री चालली.

शेवटाकडचा फाशीचा प्रसंग मात्र वाचला. पांढऱ्या भिंतींचा मोठा रिकामा चौक, कॅमेरा उंचावर आणि लांब. पलीकडच्या टोकाला एक छोटं काळं दार. माणसांचा एक घोळका कैद्याला घेऊन चाललाय, कैदी आपल्या पायांनी चालतोय. त्याच्या मागून दुसरा घोळका, त्यात जल्लाद. त्याला धरून, ओढत, रेटत न्यावं लागतंय. क्लोज-अप नाही, संगीत नाही, भाषण नाही. बेर्लांगानं सांगून ठेवलंय की एका वकील मित्रानं प्रत्यक्षातल्या फाशीची हकिगत सांगितली, त्यातून आधी हे चित्र सुचलं आणि त्या चित्रासाठी अख्खी गोष्ट रचली. असा प्रसंग पटकथेत दोन ओळींत मावतो आणि त्या दोन ओळींत खोडण्यासारखं काही नसतं. अर्थ सगळा अंतरात आहे. जवळून घेतला असता तर तो एका भित्र्या माणसाचा विनोद झाला असता. लांबून घेतल्यावर दोन घोळके सारखेच दिसतात, कोण मारणार आणि कोण मरणार ते कळेनासं होतं.

वेळही अशी आली की 17 ऑगस्ट 1963 ला माद्रिदमध्ये दोन अराजकवाद्यांना खरोखर गारोतेनं मारलं, आणि पुढच्याच काही दिवसांत चित्रपट व्हेनिसच्या महोत्सवात. इटलीतला स्पेनचा राजदूत सांचेस बेया यानं हा चित्रपट म्हणजे स्पेनची घोर बदनामी असल्याचं पत्र मंत्रालयाला धाडलं. व्हेनिसला समीक्षकांचं पारितोषिक मिळालं, स्पेनमध्ये कापून लावला. हेच सांचेस बेया 1969 मध्ये माहिती आणि पर्यटन मंत्री झाले.

सेन्सॉरच्या सूचनेनं चित्रपट सुधारल्याचं एकच नामांकित उदाहरण मला मान्य आहे: बुन्युएलचा 'विरिदियाना', 1961. मूळ शेवटात विरिदियाना रात्री नात्यातल्या भावाचं दार वाजवते, आत जाते, दार बंद होतं. मंडळ म्हणालं, हे चालणार नाही. बुन्युएलनं बदललं. आता ती दार वाजवते तर आत मोलकरीण रामोना आधीच बसलेली. भाऊ तिघांना टेबलाशी बसवतो, पत्ते पिसतो आणि म्हणतो की तुला पहिल्यांदा पाहिलं तेव्हाच वाटलं होतं, एक दिवस तू माझ्याशी तूते खेळशील. तूते हा स्पेनमधला घरोघरी खेळला जाणारा पत्त्यांचा डाव, आपल्या मेंढीकोटसारखा. कॅमेरा मागे मागे सरकतो. कागदावर: तिघं पत्ते खेळतात. पडद्यावर: दोघांच्या जागी तिघं. मंडळानं पाप काढायला सांगितलं आणि बदल्यात दुप्पट घेतलं.

पुढचं सगळ्यांना ठाऊक आहे. कानच्या महोत्सवात सर्वोच्च पारितोषिक विभागून मिळालं, ते घ्यायला खुद्द चित्रपट खात्याचे महासंचालक मुन्योस फोंतान व्यासपीठावर गेले. व्हॅटिकनच्या वृत्तपत्रानं झोडपलं, मुन्योस फोंतानची नोकरी गेली, निर्मितीत भागीदार असलेली उनिन्सी कंपनी बुडाली आणि स्पेनमध्ये चित्रपट 1977 पर्यंत बंद. जगापुढे तो मेक्सिकोचा चित्रपट म्हणून वावरला, कारण मेक्सिकोचा निर्माता भागीदार होता. दुसऱ्या देशातला भागीदार आणि सीमेपलीकडे सुरक्षित निगेटिव्ह, हा धडा नंतरच्या लोकांनी नीट गिरवला.

सगळ्यात पद्धतशीर निघाला निर्माता एलियास केरेहेता. त्यानं एक छोटी तुकडी बांधली: छायालेखक लुईस क्वाद्रादो, संकलक पाब्लो देल आमो, संगीतकार लुईस दे पाब्लो. आणि सूत्र ठरवलं: खर्च थोडा, माणसं मोजकी, शब्द कमी, परदेशी महोत्सव आधी. बाहेर पारितोषिक मिळालेला चित्रपट घरात बंद करणं सरकारला अवघड जातं, विशेषतः जेव्हा सरकारला युरोपात नाव सुधारून हवं असतं. साउराचा 'ला कासा', 1966, हा त्याचा पहिला नमुना. यादवीत जिंकलेल्या बाजूनं लढलेले तीन मध्यमवयीन मित्र एका तरुणाला घेऊन सशांच्या शिकारीला जातात आणि शेवटी एकमेकांनाच गोळ्या घालतात. यादवीचं नाव घेता येत नव्हतं म्हणून नुसतं 'युद्ध'. जागा निवडली सेसेन्याजवळची, जिथे लढाई झालेली होती. गुहेत हाडं आहेत, ती कुणाची ते सांगायची गरज पडत नाही. क्वाद्रादोच्या कृष्णधवल चित्रणात ऊन असं भाजतं की माणसांची कातडी आणि सशांची कातडी एकसारखी दिसू लागते. मंडळाला सापडलं काय, तर शीर्षक. मूळ नाव 'सशाची शिकार'; स्पॅनिशमध्ये सशाला जो शब्द आहे त्याला बोलीभाषेत अश्लील अर्थ आहे म्हणून ससा काढायला लावला. उरली नुसती 'शिकार'. नाव आणखी धारदार झालं.

एरिसेच्या 'एल एस्पिरितू दे ला कोल्मेना'पर्यंत, म्हणजे 1973 पर्यंत, हे शब्द काढून घेणं इतकं टोकाला गेलं होतं की मंडळाच्या हाती काही लागेना. 1940 च्या आसपासचं खेडं, गावात 'फ्रँकेन्स्टाइन' लागतो, एक लहान मुलगी राक्षसाच्या शोधात निघते. रेल्वेतून उडी मारलेला एक जखमी माणूस माळावरच्या पडक्या घरात लपतो. रात्री लांबून घर दिसतं, अंधारात गोळ्यांच्या ठिणग्या चमकतात. झालं. कुणी मारलं, का मारलं, एक शब्द नाही.

आता जे साधलं नाही तेही सांगायला हवं. मुद्दाम भडक प्रसंग घालायचे, मंडळ ते कापेल आणि हवे ते सुटतील, ही युक्ती बरेच जण वापरायचे. पण वाचणाऱ्याचा मूड बिघडला तर आमिषाबरोबर मासाही जायचा. भयपटवाले दोन आवृत्त्या काढायचे: तोच सेट, तीच प्रकाशयोजना, एक टेक कपड्यांसह स्पेनसाठी, दुसरा कपड्यांविना निर्यातीसाठी. पॉल नाशीच्या लांडगा-माणसाला तर राष्ट्रीयत्वच बदलावं लागलं. स्पॅनिश माणूस लांडगा होऊ शकत नाही, म्हणून तो पोलंडचा वाल्देमार दानिन्स्की झाला. आणि काहींना बंदीही नशिबी आली नाही, नुसतं वाळीत टाकलं गेलं. फेर्नान गोमेसचा 'एल मुंदो सिगे' खालच्या वर्गात ढकलला, 1965 मध्ये बिल्बाओच्या एका थिएटरात लागला आणि विसरला गेला. त्याला रीतसर प्रदर्शन मिळालं 2015 मध्ये.

'आन्हेलिका'च्या त्या हातानं 1974 मध्ये सेन्सॉरला चकवलं, रस्त्यावरच्या लोकांना नाही. माद्रिदला कडव्या उजव्यांनी प्रोजेक्शनच्या खोलीत घुसून फिल्म पळवली, बार्सेलोनात थिएटरला आग लावली.

फ्रँको 20 नोव्हेंबर 1975 ला गेला. सेन्सॉर कायद्यानं संपला तो नोव्हेंबर 1977 च्या हुकुमानं. दोन वर्षांनी पिलार मिरोनं 'एल क्रिमेन दे क्वेन्का' काढला. न झालेल्या खुनाची कबुली सिव्हिल गार्ड या निमलष्करी पोलीस दलानं दोन माणसांकडून छळ करून घेतल्याची, विसाव्या शतकाच्या सुरुवातीची खरी घटना. मिरोनं काही लपवलं नाही, लांबून घेतलं नाही, छळ समोर ठेवला. आता सेन्सॉर मंडळ नव्हतं म्हणून लष्करी न्यायालयानं चित्रपट जप्त केला आणि दिग्दर्शिकेवर खटला भरला. चित्रपट लागला 1981 च्या ऑगस्टमध्ये, आणि थिएटरांबाहेर रांगा लागल्या.